डाव्या बाहीची लव

४ नोव्हेंबर

प्रिय ताई,

नमस्कार. तू बरी आहेस असं धरून चालतो. बरी नसलीस तरी तू कळवत नाहीस, त्यामुळे धरूनच चालावं लागतं. मी ठीक आहे. गुडघे कुरकुरतात, पण बेतायच्या टेबलाशी तीस वर्षं उभं राहिलेल्या माणसाचे गुडघे गप्प बसले असते तर मलाच काळजी वाटली असती.

तुझं मागचं पत्र चार ओळींचं होतं आणि त्यातल्या दोन ओळी हवेबद्दल होत्या. राग पोचला. तुझ्या गुंडीला भरतीचा कागद आला तेव्हा तू म्हणालीस, त्याला तुझ्या हाताखाली घे, बेतणाऱ्यांना भरती माफ आहे. आणि मी म्हणालो, "जाऊ दे की. सैन्यात त्याचा खांदा तरी सरळ करून देतील." विनोद होता तो. चार वर्षांचा असताना तो माझ्याच टेबलावरून पडला आणि उजवा खांदा कायमचा पाऊण इंच उतरला, हे मी कसं विसरेन? त्याचा एकेक सदरा मी त्या खांद्यात गादी घालून शिवलाय. नाकात कोटाची गुंडी घालून बसला होता आणि मी चिमट्यानं काढली होती, तेव्हापासून त्याचं हे नावही मीच ठेवलेलं. एवढा हक्क असलेल्या माणसानं एक विनोद केला तर तू हसशील असं मला वाटलं होतं. तू हसली नाहीस. राहू दे.

इकडची बातमी म्हणजे कोट. सैन्याचे कोट शिवणाऱ्या कारखान्यात दुसरी बातमी नसते.

लढाई सुरू झाली त्या वर्षी नमुना एकचा कोट घेऊन मी तुझ्याकडे आलो होतो, आठवतं? दोन रांगांत सोळा पितळी गुंड्या, कॉलरला लाल पट्टी, खांद्यावर झालर. गुंडीनं तो अंगात घालून आरशाला सलाम ठोकला आणि तू स्वयंपाकघरातून ओरडलीस, "लढायला चाललाय की लग्नाला?" तुझा प्रश्न वरिष्ठांना ऐकू गेला असावा. तीन महिन्यांनी हुकूम आला, गुंड्या काळ्या करा. कारण लिहिलेलं नव्हतं. चकाकणाऱ्या वस्तूवर नेम धरणं सोपं जातं, एवढं कळायला कारण लिहावं लागत नाही. मग लाल पट्टी गेली. मग झालर गेली. नमुना चारला साहेबांचा कोट आणि शिपायाचा कोट एकाच कापडाचा झाला, लांबून ओळखू येऊ नये म्हणून. त्यावरून मी समजलो की तिकडे साहेब कमी पडायला लागलेत. नमुना पाचला गुडघ्यापर्यंतचा कोट कमरेखाली वीतभर उरला. "हालचालीस सुलभ," असं परिपत्रकात होतं. कुठल्या दिशेनं हालचाल, ते नव्हतं. नमुना सहाला अस्तर गेलं, कारण कापड संपत आलंय.

लोक वर्तमानपत्र वाचतात, मी नमुने वाचतो. वर्तमानपत्रात आपण दोन वर्षं न चुकता जिंकतोय.

सध्या नमुना सात चालू आहे. दिसायला सहासारखाच. गुंडीलाही तोच मिळाला म्हणे, आमच्याच कारखान्याचा. उजव्या खांद्यात चोळामोळा होत असेल.

हो, मला खात्याकडून सन्मानपत्र मिळालं. कशाबद्दल ते लांबलचक आहे, तुला कंटाळा येईल. काचेत लावून टेबलाच्या वर टांगलंय. समोर काजं करणारी मावशी बसते, तिला दिवसभर ते बघावं लागतं. ती म्हणाली, "मास्तर, तोंड भिंतीकडे करून लावा, भिंतीला तरी वाचू दे." तिची जीभ तिच्या सुईपेक्षा टोकदार आहे. पण काज करावं तर तिनंच.

थंडी वाढलीय. जपून राहा. या वेळी हवेबद्दल एकच ओळ लिही.

तुझा,
मास्तर भाऊ


९ जानेवारी

प्रिय ताई,

तुझी तीन पानं मिळाली. हवेबद्दल एकही ओळ नाही, त्यामुळे आधी बरं वाटलं. मग वाचलं.

गुंडीच्या पत्रातला मजकूर तू उतरवून पाठवलास, तो मी इतक्या वेळा वाचलाय की पाठ झाला. "मामाला सांग, कोट ऊबदार आहे. पण एक गंमत विचार. सकाळचं ऊन तिरपं पडलं की आम्हा सगळ्यांची डावी बाही पांढुरकी चमकते. बाकीचा कोट मातीत मिसळून जातो आणि बाही तेवढी उठून दिसते. आम्ही चिखल फासतो, तो वाळला की गळून पडतो. पोरं एकमेकांना चांदीवाले म्हणतात. गेल्या आठवड्यात आमच्यातले दोघं गेले, पाच जखमी झाले. सगळ्यांना डावीकडेच लागलं."

आणि खाली तुझ्या अक्षरात: "हे कशामुळे? तुला माहीत असेल."

माहीत आहे. मांजराच्या पाठीवरून डोक्याकडून शेपटीकडे हात फिरव, मऊ आणि गडद. उलटा फिरव, केस उभे राहतात आणि पाठ फिकी दिसते. कोटाच्या जाड कापडाला तशीच लव असते. म्हणून कोटाचे सगळे तुकडे एकाच दिशेनं कापायचे, लव वरून खाली. शिकाऊ माणसाला पहिल्या दिवशी हेच शिकवतात. नमुना सातमध्ये डावी बाही उलटी बेतली गेलीय. कारखान्यातल्या दिव्याखाली फरक दिसत नाही. तिरप्या उन्हात दिसतो.

बेतली गेलीय. घाई असते, कापड कमी असतं, वरून आकडे येतात, अशा गोष्टी होतात. कुणा एकाला धरून चालत नाही.

मी गप्प बसलो नाही. तुझं पत्र आलं त्याच दिवशी आमच्या कारखान्याच्या इंचसाहेबांच्या खोलीत गेलो. त्यांच्या गळ्यात कायम टेप असते म्हणून हे नाव. त्यांनी आजवर काही मोजल्याचं कुणी पाहिलेलं नाही.

"साहेब," मी म्हणालो, "नमुना सातच्या डाव्या बाहीची लव उलटी आहे."

"किती कोटांची?"

"सगळ्याच."

"मग एकसारखे आहेत. तक्रार काय?"

"उजवी बाही सुलटी आहे ना. उन्हात डावी चमकते. माणसं टिपली जातायत."

त्यांनी टेपचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं, परत गुंडाळलं. "म्हणजे एकाच कोटाच्या दोन बाह्या वेगवेगळ्या दिसतात. हे मात्र बरोबर नाही. शिस्तीत बसत नाही."

मला हायसं वाटलं. म्हणालो, "तेच म्हणतोय. डावी सुलटी करू."

"तसं केलं तर वाचलेलं कापड परत जाईल. वर कळवून झालंय, मास्तर. त्यापेक्षा उजवीही उलटी करा. नमुना आठ म्हणा त्याला."

"साहेब, मग दोन्ही चमकतील."

"पण एकसारख्या चमकतील."

मी दाराशी पोचलो तेव्हा ते मागून म्हणाले, "आणि हे बघा, ही गोष्ट मी कुणाकडूनही ऐकलेली नाही. तुमच्याकडून तर नाहीच नाही. तुमच्याच भल्याचं सांगतोय."

ताई, या शेवटच्या वाक्याचा अर्थ विचारू नकोस. आजपासून नमुना आठ कापायला सुरुवात झाली. कात्री मीच चालवतो, दुसरं कोण चालवणार?

सोबतच्या पुडक्यात एक डावी बाही आहे. मी स्वतः बेतलीय, लव वरून खाली, दोनदा तपासून. गुंडीला लगेच पाठव. जुनी बाही उसवून ही लावायची, टीप घालायला मी त्याला आठव्या वर्षीच शिकवलंय. सुई-दोरा आत गुंडाळलाय. त्याला लिही की बाही लावेपर्यंत सकाळच्या उन्हात डावी बाजू सावलीला ठेव. हे लिहिताना माझं मलाच कळतंय की मी काय लिहितोय. तरी लिही.

काजवाली मावशीनं मला ती बाही बेतताना पाहिलं. "एकच?" म्हणाली. मी कात्री चालवत राहिलो. ती दिवसभर एक शब्द बोलली नाही. ती बोलते तेव्हा बरी असते.

पुडकं मिळाल्याचं उलट टपाली कळव.

तुझा,
भाऊ


२६ फेब्रुवारी

ताई,

आधी एवढंच वाच. गुंडी जिवंत आहे. आमच्या गावात आहे. मी काल त्याला भेटलो, त्याच्याशी बोललो, तो माझ्या हातून अर्धा पेला दूध प्यायला आणि उरलेलं नको म्हणाला. आता पत्र खाली ठेव, पाणी पी आणि मग पुढचं वाच. मी तुझ्याशी खोटं बोललेलो नाही असं आजवर म्हणत आलो, ते आज म्हणता येणार नाही. पण हे खरं आहे.

त्याच्या डाव्या खांद्याखाली थोडंसं टोक उरलंय. हात नाही.

तुझी दोन्ही पत्रं इथे माझ्यासमोर आहेत. "पुडकं परत आलं, पत्ता बदलला असा शिक्का आहे." आणि दुसरं, "पाच आठवडे पत्र नाही, तुला काही कळलं तर लिही." मला कळलं ते असं.

गेल्या सोमवारी नवा हुकूम आला. नमुना नऊ. पाकिटातले कागदी फर्मे उघडले. पाठ होती, दोन पुढचे भाग होते, कॉलर होती, उजवी बाही होती. डावीचा फर्मा नव्हता. मी पाकीट उलटं करून झटकलं. शिकाऊ माणसं करतात तशी कुणीतरी चूक केली असेल म्हणून परिपत्रक वाचलं. "नमुना नऊ: डाव्या बाहीविना. बगलेचा भाग दुमडून बंद टीप. नग दोन हजार सहाशे."

मी तुला मोठ्या ऐटीत लिहिलं होतं, मी नमुने वाचतो. हा वाचता येईना. मी आकडाच बघत राहिलो. काजवाली उठून आली, माझ्या खांद्यावरून तिनं कागद वाचला आणि म्हणाली, "एवढे तर नुसते जगलेले, मास्तर."

त्यातले चाळीस कोट आधी हवे होते, माणूस मोजून. मुलींची शाळा आता इस्पितळ झालीय, तिथे कुणी मोठे पाहुणे येणार आहेत आणि त्यांच्यासमोर जखमींना ओळीनं उभं करायचंय, तेव्हा कोट नीट बसायला हवेत. लढायला पाठवताना कुणाचं माप घेतलं नव्हतं. मापाच्या चाळीस चिठ्ठ्या आल्या. चिठ्ठीवर नाव नसतं, खाटेचा आकडा असतो. छाती, गळा, पाठ, खांदे. मी एकेक बघत खडूनं उतरवत होतो. सतराव्या चिठ्ठीवर कारकुनानं कोपऱ्यात लिहिलं होतं: "उजवा खांदा पाऊण इंच उतरता."

ताई, छाती चौतीस, गळा साडेचौदा. भरतीला जायच्या आदल्या आठवड्यात मीच त्याचा सदरा बेतला होता. छाती छत्तीस होती.

मी तसाच, गळ्यातली टेप न काढता, शाळेत गेलो. तो खिडकीशी होता. मला बघून म्हणाला, "मामा, कोट आणलास?"

"माप घ्यायला आलोय."

"ते घेतलं की कारकुनानं."

"त्याला काय कळतंय खांद्यातलं."

त्यानं घेऊ दिलं. टेप डाव्या बाजूला गेली तेव्हा माझा हात थांबला, तर म्हणाला, "पुढे काही नाही रे, तिथेच थांब." मग म्हणाला, "तू म्हणाला होतास सैन्यात खांदा सरळ करतात. नाही केला. आता निदान लोक उजव्या खांद्याकडे बघणार नाहीत." तो हसला. असे विनोद करायची पद्धत तो कुणाकडून शिकला ते तुला माहीत आहे. मला हसता आलं नाही. त्या दिवशी तुझं कसं झालं असेल ते मला काल समजलं.

तुझी बाही त्याला पोचलीच नाही. माझी, म्हणजे. आईला कळवलं नाहीस का, असं मी विचारलं. म्हणाला, "अंगात ताकद नाही, अक्षर थरथरतंय अजून. आईला अक्षरावरून कळलं असतं. नीट झालं की लिहिणार होतो."

निघताना त्यानं विचारलं, "मामा, हा कोट बेतला कुणी?"

मी म्हणालो, "कारखान्यानं."

"कारखान्याला हात असतात होय?"

मी त्याला उत्तर दिलं नाही. तुला देतो.

मी बेतला.

गेल्या उन्हाळ्यात इंचसाहेबांनी विचारलं, अस्तर गेलं, लांबी गेली, आता कापड आणखी कुठून वाचेल? कुणालाच सुचेना. मला सुचलं. बाही वर रुंद असते, मनगटाशी अरुंद. एका खाटेवर दोन माणसं एकमेकांच्या पायाशी डोकं करून झोपली की जागा पुरते, तशी डावी बाही उलटी फिरवली की ती पुढच्या भागाच्या कुशीत नेमकी बसते. कोटामागे चार बोटं कापड. मी खडूनं आखून दाखवलं तेव्हा साहेबांनी टाळी वाजवली. लवेचं मला माहीत होतं. मला माहीत नव्हतं असं कुणालाही म्हणू देऊ नकोस. काजवाली तेव्हाच म्हणाली होती, "मास्तर, डावी उलटी पडतेय, उन्हात कळेल." मी तिला म्हणालो, "चिखलात लोळणाऱ्या कोटाची लव कोण बघत बसलंय?" आजूबाजूचे हसले. माझे विनोद लोकांना आवडतात.

सन्मानपत्र त्याचंच होतं. त्यावर "कापड बचतीतील कल्पकतेबद्दल" असं सोनेरी अक्षरात आहे. मी तुला लिहिलं, तुला कंटाळा येईल. मग लिहिलं, बेतली गेलीय. तीस वर्षं कात्री चालवली, एक बाही स्वतःहून बेतली गेलेली मी पाहिली नाही.

आणि अजून एक, कारण आता लपवायचं काही ठेवायचं नाही. आज सकाळी आणखी एक पाकीट आलं. नमुना दहा. उजव्या बाहीविना. नग तीन हजार. परिपत्रकात कारण दिलंय या वेळी: "आगाऊ तरतूद म्हणून." नमुना आठचे कोट गेल्या आठवड्यात तिकडे पोचले, ते दोन्हीकडून चमकतात. वरच्यांना आता सगळं कळतं, ताई. फक्त कळलं म्हणून ते काही थांबवत नाहीत, आधी कोट सांगून ठेवतात.

ते फर्मे मी टेबलाखाली ढकलले आणि नमुना सातचे जुने फर्मे वर काढले. डाव्या बाहीचा फर्मा सुलटा केला. उजवीचा होताच सुलटा. साठ थर कापड अंथरलं आणि सकाळपासून कापतोय, सगळे तुकडे लव वरून खाली. कुणाला विचारलं नाही. काजवालीनं बघितलं, उठून दार लावून घेतलं आणि शिवणाऱ्या बायकांना सांगितलं, "आज मास्तर शिकाऊ झालेत, आडवं येऊ नका." गठ्ठे बांधून त्यावर नमुना आठचीच चिठ्ठी लावतोय. कोटामागे चार बोटं जास्त जातायत. गोदामातलं कापड हिशेबापेक्षा नऊ दिवस आधी संपेल. तेव्हा इंचसाहेब पहिल्यांदा ती टेप गळ्यातून काढतील आणि मोजतील. लढाईच्या काळात कापडाची नासाडी करणाऱ्याला काय शिक्षा आहे ते आमच्या दारावरच छापून लावलंय, रोज येताजाता वाचतो. नऊ दिवसांत जेवढे होतील तेवढे करतो.

गुंडीला अजून सांगितलेलं नाही. मी सांगू की तू सांगशील? की दोघांनी गप्प बसायचं? हे तू ठरव. मी ठरवलेल्या गोष्टींचं काय झालं ते बघतेसच. पण नऊ दिवसांच्या आत ये. मुलींच्या शाळेत, वरच्या मजल्यावर, खिडकीजवळची सतरावी खाट. मी तिथे नसलो तर कुणाला विचारत बसू नकोस, त्याला घेऊन सरळ घरी जा.

त्याचा कोट तयार आहे. चाळिसांतला तेवढा एक मी दुसऱ्या कुणाला शिवू दिला नाही. उजव्या खांद्यात गादी घातलीय. डावीकडची बगल दुमडून बंद केली. टीप तीनदा उसवली, कारण ती जागा कशी शिवतात हे मला येत नव्हतं. आता येतं. काजं मावशीनं केली. गुंड्या काळ्याच आहेत. उरलेली सुलटी बाही, जी तुझ्याकडे परत आली, ती टाकू नकोस. येताना आण.

मला भाऊ म्हणायचं की नाही, हे तू त्याला बघितल्यावर ठरव. तोवर जे खरं आहे तेवढंच खाली लिहितो.

नमुना सात बेतणारा